दोरावरचा माणूस

१

मी भित्रा नाही. हे आधीच सांगून ठेवतो, कारण पुढचं ऐकून तुम्ही नेमकं तेच म्हणणार. सतरा वर्षं केमिकलच्या कारखान्यांत काढली, आधी अंबरनाथला आणि मग महाडला औद्योगिक वसाहत झाल्यावर इथं. शिफ्ट इन्चार्ज रावजी आला म्हटलं की गेटवरचा वॉचमन उठून उभा राहायचा. पाळी संपली की घरी यायचं, बंबातल्या कढत पाण्यानं अंघोळ करायची, बायकोनं वाढलेली तांदळाची भाकरी आणि सुकटीचं कालवण खायचं आणि आडवं व्हायचं. असं आमचं सरळ चाललं होतं.

आवडी माझी बायको. लग्नाला वीस वर्षं झाली, मूलबाळ नाही, आणि तिनं तोंड उघडून कधी काही मागितल्याचं मला आठवत नाही. म्हणून त्या दिवशी ती ताटासमोर बसून बोलली तेव्हा माझा हात थांबला.

"अवो, मी दोघांची नावं दिलीत."

"कसली नावं गो?"

"शेपटीवाला तारा बघायला. शहात्तर वर्षांनी येतोय म्हणे. सोमा मास्तर आठच जणांना नेणार हायत, पोलादपूरच्या वर, आंबेनळी घाटाच्या अंगाला. वाचनालयात बोर्ड लागलाय. आता नाय बघितला तर परत बघायला आपण काय राहतोय?"

सोमा मास्तर म्हटल्यावर मी भाकरी परत ताटात ठेवली. मास्तर हायस्कुलात विज्ञान शिकवायचे. त्यांचा धाकटा भाऊ दत्ताराम आमच्या कारखान्यात कंत्राटी कामगार होता, आणि वर्षापूर्वी टाकी साफ करताना आत गुदमरून मेला. त्याच्या मरणाची चौकशी आता पुन्हा उघडली होती. बुधवारी, मार्चच्या एकोणीस तारखेला, मला साक्षीला बसायचं होतं. सहल त्याच्या आधीच्या रविवारी पहाटे.

नाही म्हणता आलं असतं. पण मग आवडीनं विचारलं असतं, का. चोराच्या मनात चांदणं, दुसरं काय. मी पाणी पिऊन म्हणालो, "दिलीस ना नावं? मग जाऊ की."

२

टाकीत माणूस उतरवायची एक रीत असते. त्याच्या कमरेला दोर बांधायचा आणि टाकीच्या तोंडाशी एकानं तो दोर हातात धरून बसायचं. आतून हाक नीट वर येत नाही, म्हणून झटक्यांची खूण ठरलेली. एक झटका म्हणजे सगळं ठीक. दोन म्हणजे दोर सैल सोड. तीन म्हणजे वर ओढ, आत्ताच्या आत्ता ओढ. यात डोकं लावायचं काम नाही. दोर तेवढा हातात पाहिजे.

त्या दिवशी दोर धरणारा माणूस आला नव्हता, म्हणून मी बसलो. कॅन्टीनमध्ये रेडिओवर मॅचची कॉमेंटरी लागली होती, शेवटची षटकं चालली होती. मी दोर कठड्याला बांधला आणि गेलो. कोण जिंकलं ते विचारू नका, आठवत नाही. परत आलो तेव्हा दोर ताठ होता आणि हलत नव्हता.

मग मी काय केलं तेही सांगतो, आता लपवून कुणाचं भलं व्हायचंय? कठड्याची गाठ सोडली, दोर हातात घेतला आणि मग ओरडलो. साहेबांना सांगितलं, मी पहिल्यापासून दोर धरून होतो, यानं एकही झटका दिला नाही. हा पिऊन आला होता, झोक जाऊन पडला. त्या टाकीतल्या रसायनाला गोडसर वास असतो, थेट दारूसारखा. दत्तारामला वर काढला तेव्हा त्याच्या बनियनला, तोंडावर बांधलेल्या ओल्या फडक्याला तोच वास मारत होता. सगळ्यांनी माना हलवल्या. कागदावर 'मद्यप्राशन केलेल्या अवस्थेत' असे शब्द आले आणि खाली माझी सही झाली.

दत्ताराम जन्मात दारूला शिवला नव्हता. बौद्धवाडीत वंदनेला पुढं बसणारा माणूस. पोरांना पंचशील शिकवायचा. कुणी पिऊन पडला तर त्याला उचलून घरी सोडायचा आणि सकाळी जाऊन त्याची बिनपाण्यानं करायचा. त्याची बायको सुंदराबाई हिनं चौकशीसाठी वर्षभर अर्ज केले ते एवढ्याचसाठी. बाकी काही नको, म्हणाली, माझ्या पोरांच्या बापाला दारुडा लिहिलंय तेवढं खोडा. पण ते खोडायचं तर तिथं दुसरं कारण लिहावं लागणार, आणि ते कारण मी होतो. आपल्याच हातानं आपल्या पायावर धोंडा पाडून घ्यायला मी काय खुळा होतो?

आवडीलाही मी तेच सांगितलं होतं, शेवटपर्यंत दोर धरून होतो म्हणून. त्या रात्री तिनं खोबरेल तेल कोमट करून माझे हात चेपून दिले होते.

३

जीप महाडहून रात्री दोनला सुटली. बँकेतले नवराबायको, कॉलेजची दोन मुलं, बाजारपेठेतला एक फोटोस्टुडिओवाला, पोस्टातला मुरारी आणि आम्ही दोघं. मुरारीनं कानटोपीवर मफलर आणि मफलरवर घोंगडी घेतली होती. मार्चमध्ये कसली थंडी, पण त्याला कोण सांगणार.

"धूमकेतू निघाला की राजा मरतो म्हणतात, मास्तर," तो म्हणाला.

"राजे राहिलेत कुठं आता?" सोमा मास्तर पुढच्या सीटवरून म्हणाले.

"मग आमचा पोस्टमास्तर तरी जाऊ दे. एवढ्या लांबून आलाय तारा, रिकाम्या हातानं का जाईल?"

सगळे हसले. आवडी तर पदर तोंडाला लावून हसत होती. तिला इतकं खुशीत मी किती वर्षांत पाहिलं नव्हतं. मास्तर मला जीपमध्ये चढताना एवढंच म्हणाले होते, "या रावजीराव, तुम्ही आलात, बरं वाटलं." आवाजात राग नाही, काही नाही. त्यापेक्षा त्यांनी चार शिव्या दिल्या असत्या तर परवडलं असतं.

पोलादपूर मागं पडलं. घाटात एका वळणावर जीप थांबली आणि मास्तरांनी नियम सांगितले. इथून तासभर चढ. वर सडा आहे, सपाट कातळ, पण एका अंगाला सरळ कडा तुटलेला. बॅटरी कुणी लावायची नाही. डोळ्यांना अंधाराची सवय व्हायला अर्धा तास लागतो आणि एका उजेडानं ती मोडते, मग धूमकेतू दिसत नाही. म्हणून सगळ्यांनी एकच दोर धरून एकामागं एक चालायचं.

त्यांनी जीपमधून दोर काढला. विहिरीवरचा असतो तसला जाड, खरबरीत, शंभरेक हात लांब. पुढं मास्तर, मग बाकीचे, मग मुरारी, मग आवडी.

"रावजीराव, तुम्ही शेवटी राहा," मास्तर म्हणाले. "दोराची सवय तुम्हालाच."

कुणाच्या काही लक्षात आलं नाही. मुरारी तर म्हणाला, "वा, म्हणजे पाठीमागची काळजी मिटली." मी दोर हातात घेतला. माझ्या मागं पंचवीस-तीस हात दोर उरला होता आणि त्याच्या टोकाला कमरेत घालायचा असतो तसा फास होता.

"हा फास कशाला?" मी विचारलं.

"होता तसा आणलाय," मास्तर म्हणाले आणि चालायला लागले.

४

चढ सुरू झाला. पायाखाली सुकलेलं गवत करकरत होतं, पुढं मुरारीची धाप ऐकू येत होती. आवडीची पाठसुद्धा मला दिसत नव्हती, नुसती बांगड्यांची किणकिण यायची. मागं उरलेला दोर जमिनीवरून घसटत यायचा. त्याचाही आवाज यायचा, सुर्र, सुर्र.

पहिला झटका बसला तेव्हा मला वाटलं, दोर करवंदीच्या जाळीत अडकला. मी ओढला, सुटला. दहा पावलं गेलो. पुन्हा झटका. एक, दोन, तीन.

मी थांबलो. पुढचा दोर ताणला गेला तशी आवडी म्हणाली, "काय झालं वो?"

"काय नाय. चल तू."

जाळीत अडकलेला दोर ओढून धरतो, तो झटके देत नाही, हे मला कळत होतं. पण म्हटलं, दगडांवरून उड्या खात येतोय, बसतात झटके. तीन बसले तर तीन. चार बसले असते तर चार मोजले असते. माणसाला जे मोजायची सवय, तेच तो मोजतो. असं मी स्वतःला समजावत होतो, आणि तेवढ्यात पुन्हा तीन बसले. मध्ये बरोबर तेवढंच अंतर.

मग मी चालता चालता मागचा दोर गोळा करायला लागलो. हातावर वेटोळी घेत गेलो. वजन काही लागत नव्हतं, नुसता दोर येत होता. शेवटी फास हाताला लागला आणि मी तो झटकन सोडला. फास ओला होता. नुसता दमट नाही, पिळला तर पाणी निघेल इतका ओला. मार्चचा महिना, त्या डोंगरावर सगळं करकरीत वाळलेलं, ओढ्यांत दगड उघडे पडलेले. मी बोटं नाकाशी नेली.

तो वास मी सांगायला नको. सतरा वर्षं नाकात बसलेला वास.

"रावजीराव," मास्तरांचा आवाज पुढून आला, "मागं सगळं ठीक?"

माझी पाचावर धारण बसली होती, पण म्हणालो, "ठीक."

"मास्तर," मुरारी कुजबुजला, "इकडं भुताखेताचं काही नाही ना? आधी सांगा, म्हणजे मी जीपमध्ये जाऊन बसतो."

"भूतबीत काही नसतं, मुरारी. जे काय करतात ते माणसं करतात."

मास्तर हे सगळ्यांना ऐकू जाईल असं बोलले. मला मात्र राग आला. हा माणूस मला खेळवतोय, दोर यानंच कारखान्यातून कुणाकडून तरी मिळवलाय, फास यानंच भिजवलाय, असं मनात आलं आणि त्यानं जरा धीर आला. माणूस असेल तर त्याला बघून घेता येतं.

५

सड्यावर पोचलो तेव्हा चार वाजत आले होते. मास्तरांनी आग्नेयेकडं हात करून दाखवलं. डोंगराच्या रांगेच्या वर, चांदण्यांच्या मध्ये, पिंजलेला कापूस बोटानं फासावा तसा एक फिकट पट्टा होता. बास. एवढाच.

"एवढ्यासाठी माझी झोप मोडलीत?" मुरारी म्हणाला. "शेपूट कुठाय?"

"नजर थोडी बाजूला ठेवून बघा. मग दिसेल."

सगळे मास्तरांच्या दुर्बिणीभोवती गोळा झाले. दोर तसाच पडला होता, तो मी गोळा करून घेतला. आवडी माझ्याजवळच उभी होती. मी विचारलं, आवडला काय? तर म्हणाली, "माझ्या आज्यानं बघितला असेल तो. आता मी बघितला. परत येईल तेव्हा आपलं कोणच नसेल बघायला." तिचा आवाज जड झाला होता. मला वाईट वाटलं. खरंच वाटलं, मी काही दगड नाही. मी तिच्या खांद्यावर हात ठेवला, माणसांत कधी ठेवत नाही तरी.

थोड्या वेळानं ती हळूच म्हणाली, "अवो, मला जरा आडोशाला जायचंय."

मागं वीस-पंचवीस पावलांवर एक मोठा खडक काळा दिसत होता. कडा कुठल्या अंगाला ते मला नीट उमगत नव्हतं. बॅटरी लावली तर सगळे ओरडले असते, आणि बाईमाणूस, तिलाही ती नको होती. मी फास चाचपला. आता तो कोरडा होता. ठणठणीत कोरडा.

"हा कमरेत घाल. मी इथं धरून बसतो. काय झालं तर तीन झटके दे, मी ओढीन."

"एवढं जमेल ना तुम्हाला?" ती हसून म्हणाली आणि गेली. तिच्या बांगड्या दोन-चारदा वाजल्या, मग खडकामागं गेल्यावर वाजायच्या थांबल्या.

मी खाली बसलो, दोर दोन्ही हातांत धरला. टाकीच्या तोंडाशी बसतात तसाच. तिकडं मुरारी म्हणत होता, दिसली दिसली, शेपटी दिसली, आणि सगळे त्याला हसत होते.

एक झटका बसला.

ठीक आहे, असं मी मनात म्हटलं. सतरा वर्षांची सवय. मग दोन बसले, आणि माझ्या हातांनी मला न विचारता दोर सैल सोडला, चांगला दहा-बारा हात. दोर माझ्या मांडीवरून सरसर गेला. तेव्हा कुठं माझ्या डोक्यात प्रकाश पडला.

एक झटका मी तिला शिकवला नव्हता. दोनही नाही. आवडीला फक्त तीन माहीत होते.

६

म्हणजे दोराच्या त्या टोकाला आवडी नव्हती. असंच मला वाटलं. तुम्हीही तिथं असता तर असंच वाटलं असतं. वास आला, तोच गोडसर, आणि दोर माझ्या हातात ओला होत आला. त्या टोकाकडून ओल चढत चढत माझ्या बोटांपर्यंत आली.

मग तीन झटके बसले. जोरात. माझे दंड हिसडले गेले. लगेच पुन्हा तीन. दोराला वजन आलं, पुरं माणसाचं वजन, आणि मी बसल्या जागी पुढं घसटलो. पुन्हा तीन.

मी दोर सोडला.

सोडला, असं मी म्हणतो. निसटला नाही. दोन्ही हात उघडले आणि पाठीमागं घेतले. दोराची वेटोळी एकेक करत उलगडली, शेवटचं टोक कातळावरून सुर्रकन गेलं आणि खडकामागं दिसेनासं झालं. मी ओरडायला पाहिजे होतं. आवडी, म्हणून एक हाक तरी. मी गप्प बसून राहिलो. किती वेळ, देव जाणे. मनात एकच चाललं होतं, ती नव्हती, ती नव्हती, ती आत्ता खडकामागून साडी सावरत येईल.

"अहो, वहिनी कुठायत?" मुरारीनं विचारलं.

मास्तरांनी बॅटरी लावली. उजेड माझ्या तोंडावर आला, माझ्या रिकाम्या हातांवर आला, मग खडकाकडं गेला आणि खडकाच्या पलीकडं गेला. पलीकडं चार पावलांवर कातळ संपत होता. तिथं कड्याच्या कडेला एक माणूस पाठमोरा होता. टाचा कातळात रोवून, अंग मागं टाकून, हातावर हात घेत तो दोर ओढत होता. बनियन पाठीला चिकटलेलं होतं. मानेवर ओल्या फडक्याची गाठ होती. घाई नाही, थांबणं नाही. ओढायचं कसं ते ज्याला येतं तो जसा ओढील तसा.

उजेड पुढं सरकला आणि परत आला. तोपर्यंत तिथं कोणी नव्हतं, आणि माझ्याशिवाय कुणी त्याला पाहिल्याचं दिसलं नाही. कातळावर दोर पडला होता, आणि कड्यावरून आवडी कोपरांवर रांगत वर येत होती.

सगळे धावले. तिच्या गुडघ्यांतून रक्त येत होतं, साडी फाटली होती, पण ती धड होती. बँकेतल्या बाई रडायलाच लागल्या. आवडी धापा टाकत म्हणाली, "पाय गेला. नुसती लोंबत होते. तीनदा वढलं, मग पुन्यांदा वढलं, वाटलं संपलं. मग दोर वर जायला लागला."

"दोरावर कोण होतं?" मास्तरांनी विचारलं.

तुम्हाला वाटेल, आता तरी मी खरं बोललो असेन. तोंडातून आलं, "मी."

"शाब्बास रावजीराव!" मुरारीनं माझ्या पाठीवर थाप मारली. "बायको वाचवलीत, मर्द आहात!"

आवडीनं माझ्याकडं हात पुढं केले. माझे दोन्ही हात तिनं आपल्या हातांत घेतले, चेपायला घेतात तसे. मग ती थांबली. माझे तळवे तिनं उलटे करून बॅटरीच्या उजेडात धरले. तो खरबरीत दोर, तिच्यासारखी भरल्या अंगाची बाई, कड्यावरून एकट्यानं ओढली तर हाताची सालटी निघायला पाहिजेत. माझ्या हातांवर ओरखडासुद्धा नव्हता.

"त्या रातीबी हे असेच होते," ती म्हणाली. हळू म्हणाली, पण मास्तर शेजारीच उभे होते. "गुळगुळीत. मी चेपले, मला ठावं हाय. मीच मेली मनाला म्हणत होते, तेलानं उतरलं असेल."

मी हात ओढून घेतले. मास्तरांनी बॅटरी विझवली आणि म्हणाले, "चला, उजाडेल आता."

७

मंगळवारी रात्री जेवताना आवडीनं विचारलं, "उद्या तुम्ही सांगणार का मी सांगू?"

मीच सांगितलं. सगळं, रेडिओपासून गाठीपर्यंत. चौकशीला आलेले साहेब लिहिता लिहिता दोनदा थांबले. तो शब्द खोडला गेला, नोकरी गेली, पुढं काय व्हायचं ते होईल. खरं सांगतो, बाहेर पडलो तेव्हा मला हलकं वाटलं. म्हटलं, सुटलो एकदाचा.

बाहेर बाकावर सुंदराबाई बसली होती, शेजारी सोमा मास्तर. मी हात जोडले. ती रडली नाही, ओरडली नाही. वर बघून म्हणाली, "किती वेळ वढत होता तो?"

"काय?"

"तुमी नव्हता म्हणता. मग तो आत किती वेळ दोर वढत होता? मला कोणच सांगत नाय. वरीस झालं, मी इचारतेय."

"मला माहीत नाय, सुंदराबाई," मी म्हणालो. "शपथ. मी नव्हतोच तिथं."

"कळेल त्यांना," मास्तर तिला म्हणाले. "कळलं की सांगतील."

दुसऱ्या दिवशी दुपारी मी जेवायला बसलो होतो. घास उचलला आणि उजव्या हाताला हिसका बसला. भात ताटाबाहेर सांडला. मग पुन्हा, आणि पुन्हा. तीन. हातात काही नव्हतं, पण मुठीत दोर होता. खरबरीत, ओला, त्या टोकाला वजन असलेला दोर. मी मूठ उघडली. मूठ उघडताच जे ऐकू आलं ते मी आवडीलाही सांगितलेलं नाही, तुम्हाला सांगणार नाही. मूठ परत मिटली तेव्हा ते थांबलं.

डॉक्टर म्हणाले, मनगटाची नस दबलीय, गोळ्या घ्या, हाताला विश्रांती द्या. मी गोळ्या घेतल्या. सावच्या गरम झऱ्याच्या कुंडात जाऊन कढत पाण्यात हात बुडवून बसलो. पाण्यातही तीन झटके बसायचे आणि पाणी हलायचं. माझ्यासोबत बसलेला म्हातारा उठून दुसऱ्या कुंडावर गेला.

आज अकरावा दिवस. शिमगा येऊन गेला, होळी कधी पेटली मला कळलं नाही. मी आमच्या पडवीत भिंतीला टेकून बसतो, उजवी मूठ डाव्या हातानं दाबून धरतो. पहिले दोन दिवस झटके दांडगे होते, सगळं अंग हलायचं. आता कमी झालेत. अंतर वाढलंय. कधी कधी दोनच बसतात आणि तिसऱ्याची वाट बघत मी श्वास धरून बसतो, आणि मग तो येतो, अगदी बारीक. टाकीत माणसाचा जीव जायला घटकाभर लागते, असं मला वाटायचं. इथं ती घटका संपतच नाही. मी ओढून बघितलं. रोज ओढतो. दोर येत नाही, जागचा हलत नाही, कशाला तरी पक्का बांधलाय.

सुंदराबाई रोज दुपारी येते. पहिल्या दिवशी ती पायरीवर बसली होती, आवडीनं हाताला धरून तिला आत आणली. आता दोघी माझ्यासमोर बसतात. आवडी तिला चहा देते. माझ्याशी पहिल्या दिवसापासून ती स्वतःहून एक शब्द बोललेली नाही.

"अजून हाय?" सुंदराबाई विचारते.

मी मूठ कानाजवळ धरतो. पुष्कळ वेळ काहीच नसतं. मग एक. मग एक. मग फार उशिरानं, एक.

"हाय," मी म्हणतो.

"म्हंजे जिता हाय अजून," ती म्हणते, आणि बशीत चहा ओतून घेते.

"सुंदराबाई, मला सोडू द्या," काल मी रडत म्हणालो. "दोर सोडू द्या. माझ्यानं नाय होत आता."

तिनं आवडीकडं बघितलं. आवडीनं माझ्याकडं बघितलं, इतक्या दिवसांत पहिल्यांदा.

"धरून बसा," आवडी म्हणाली, आणि रिकाम्या कपबश्या उचलून आत गेली.